बुडीत

आमच्या बडोद्यात घड्याळं नाहीत.
विश्वामित्रीच्या काठावर म्हातारी मगर जबडा उघडते
तो पहिला प्रहर.
मिटला की दुसरा.
काळ्या घोड्याच्या पुलावरून टेहळ्या शिट्टी घालतो
आणि थेट मांडवीपर्यंत फळ्या निघत जातात दुकानांच्या.

महिने अकरा.
वाळवण, गाळ, अंडं, पिलवा,
बाकीचे कोठी कचेरीत येऊन वाचा,
भिंतीवर लावलेत; दोन वाळवीनं खाल्ले.
गाळात लग्नं नाहीत.
पिलव्यात नदीवर धुणं नाही, कारण उघड आहे.

अकराव्याला नाव आहे, तारखा नाहीत.
बुडीत.
पाणी पायऱ्या चढून येतं, मगर दिसत नाही,
प्रहर सुरूच होत नाही.
व्याज चढत नाही.
पोरं वाढतात ती फुकट.

मी इथला नोंदणी कारकून.
सतरा वर्षं इंदुमती चित्रे येत होत्या
दांडिया बाजारातून, चालत,
हातात तोच अर्ज:
यजमान गेले, श्राद्धाला तिथी द्यावी.
बाई, ते बुडितात गेले. तिथी कुठून आणू?
म्हणजे अजून गेलेच नाहीत की, म्हणायच्या,
आणि लिल्या चिवड्याची पुडी
माझ्या शाईच्या दौतीशेजारी ठेवायच्या.

यंदा शेजारचा पोरगा आला.
अर्जावर नाव त्यांचंच,
पण वरच्या ओळीत.
मी खिडकीतून पाहिलं.
पाणी तिसऱ्या पायरीवर, मातकट, सपाट.
तारखेचा रकाना कोरा ठेवला,
खाली रेघ ओढली. दोनदा.

पुढच्या वर्षी परत येऊ? पोरगा म्हणाला.
ये म्हटलं.
चिवडा आण.