परिशिष्ट तीन

नोटप्रेसचा भोंगा झाला की दादा घरी यायचे,
झडतीत उलटे केलेले खिसे तसेच बाहेर.
दिवसभर पैसे बघून आलेला माणूस
चहात साखर मोजून घ्यायचा
आणि वाचायला बसायचा. चरित्रं. नुसती चरित्रं.
कुणी कंदिलाशी शिकलेला,
कुणी समुद्र ओलांडून गेलेली,
कुणी भरल्या ताटावरून उठून चालू लागलेला.
आई म्हणायची, लोकांच्या आयुष्यांचं तुम्हाला एवढं काय?
दादा म्हणायचे, चुका सापडतात.

तेच त्यांचं काम होतं.
तावातली तुटकी रेघ, सरकलेला आकडा
बोटाला आधी कळायचा, डोळ्याला मागून.

कोंडाबाईचा आमच्याकडे फोटो नव्हता.
डाग नव्हता, भांडं नव्हतं,
एक शब्द तेवढा होता: बसकण.
काळारामाच्या दरवाजाशी ती बसली होती
तीस साली, उन्हात, मांडीवर पोर घेऊन.
दार उघडलं नाही. ती उठली नाही.
एवढंच माहीत. त्यातही दादा म्हणायचे पूर्व दरवाजा,
आत्या म्हणायची, छे, उत्तर, तिथे सावली तरी होती.
चौथीत मी फरशीवर फतकल मारली,
शेवटच्या बाकावर जाणार नाही म्हणून,
तेव्हा आई हेडमास्तरांसमोर हसू दाबत म्हणाली,
"कोंडाबाईची बसकण आहे, सर. हिच्या वाटणीला आलीय."

शहाण्णवच्या मे महिन्यात
वाचनालयातून एक जाडजूड पुस्तक आलं.
पुढे मोठ्या माणसांची मोठी प्रकरणं
आणि पार मागे, मुंगीएवढ्या टायपात,
परिशिष्ट तीन: अटक झालेले इतर.
इतर.
दादांनी भिंग काढलं.
रात्री साडेअकराला त्यांनी आम्हाला उठवलं:
"कोंडाजी सखाराम, रा. पंचक, दीड महिना."

सखाराम तिचा नवरा.
त्याच्या घरात कोंडाजी कुणी नव्हता कधी.
म्हणजे दीड महिना ती आत होती,
आणि हे आम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं.
मग मांडीवरचं पोर कुणाकडे होतं?
ते पोर म्हणजे दादांचे वडील.
दादा त्या "जी"वर बोट ठेवून बसून राहिले.
पंखा फिरत होता, पान उडू बघत होतं.
मग कानामागची पेन्सिल काढून
समासात, नोंदवहीतल्या अक्षरात:
कोंडाजी नव्हे. कोंडाबाई.

ग्रंथपाल वाकचौरे नियमाचे पक्के.
"पुस्तकात लिहायचं नसतं. दहा रुपये."
दादांनी दहाची नोट काढली,
सवयीनं आधी उजेडाला धरली,
मग दिली.
पावती मिळाली: पुस्तक खराब केल्याबद्दल.
ती त्यांनी लॅमिनेट करून घेतली
आणि वर्षभर मे महिन्याची गोष्ट
द्वारकेपासून देवळालीपर्यंत सगळ्या पाहुण्यांना सांगितली.

दादा जाऊन आता सहा वर्षं झाली.
परवा गंगेवर काम होतं, येताना वाचनालयात शिरले.
पुस्तक तिथेच, पाठीला नवी पट्टी.
परिशिष्ट तीन उघडलं
आणि समास भरलेले.
"हे माझे आजोबा. पुढे गवंडी झाले."
"हे दोघे सख्खे भाऊ, एकालाच सोडलं."
"वय चुकलं आहे, सोळा होतं." त्याखाली दुसऱ्या शाईत, "सतरा."
एका ओळीवर कुणी रबर फिरवलेलं,
त्यावर पुन्हा तेच, यावेळी बॉलपेननं.
वाकचौऱ्यांनी किती दहा रुपये घेतले असतील.

दादांची पेन्सिल पुसट झालीय, पण वाचता येते.

शेवटून तिसरं नाव मात्र कोरं.
नाव तरी कसलं:
"एक मुलगा, अंदाजे बारा, नाव सांगत नाही."
खिडकीशी बसून मी बराच वेळ पेन हातात धरलं.
मला त्याच्याबद्दल काहीच माहीत नव्हतं.
बाहेर कुणीतरी हॉर्न वाजवत होतं, माझीच गाडी आडवी लावलेली.
उठायला हवं होतं.
मी उठले नाही.