कुटुंबप्रमुखाशी नाते

साखर पेठेत माझं दुकान : एक टेबल, एक संगणक,
अंगठ्याचं यंत्र, आणि मागे भिंतीवर टांगलेले
बापाच्या हातचे जकार्डचे पुठ्ठे,
दोऱ्यात ओवलेले, भोकं भोकं.
कारखाना बंद पडला तेव्हा थकलेल्या पगारात तेवढंच आणलं त्यानं.

तो म्हणायचा, भोक म्हणजे काय, काहीच नाही.
सुई आत जाते, दोरा उचलला जातो, एवढंच.
शेजारी कुठलं भोक, खाली कुठलं,
त्यावर ठरतं चादरीवर मोर उतरणार की नाही.
एक पुठ्ठा माझ्या हातात द्यायचा :
सांग, ह्यात मोराचं काय आहे? चोच? पाय?
मला कधी सांगता आलं नाही.

आज दुपारी नरसम्मा दुडम आली,
विडी घरकुलातून,
बोटांना तंबाखूचा वास. सोबत पोषव्वा.
मल्लेशम जाऊन महिना झाला,
रेशनकार्डावरचं नाव कमी करायचंय.

एक नाव. मला वाटलं, पाच मिनिटांचं काम.
पण ते पहिलं होतं,
बाकी सगळे त्याच्यापासून मोजलेले.
मी ते पुसलं आणि घरातली सहाही माणसं
पडद्यावर लाल झाली.
जागचं कुणी हललं नव्हतं.
व्यंकटेश मागावरच असणार या वेळी,
सून चुलीपाशी, पोरं शाळेत,
आणि तरी दीड मिनिट
कुणीच कुणाचं काही नव्हतं.

प्रमुख : नरसम्मा. वय एकसष्ट.
तिच्यापुढचं 'पत्नी' आपोआप गेलं,
यंत्रानं न विचारता भरलं : 'स्वतः'.
मुलगा मुलगाच राहिला, सून सून, नातवंडं नातवंडं.
पोषव्वा अडली.
कालपर्यंत ती बहीण होती, मल्लेशमची.
यादी खाली ओढत नेली. सासू होती, दीर होता,
नणंद नव्हती.
'आडबिड्डा लिही की,' नरसम्मा म्हणाली, 'आमच्यात तेच म्हणत्यात.'
तेही नव्हतं.
तळाशी होतं : 'इतर'.

'इतर म्हंजे?'
म्हणजे, आणखी कुणीतरी.
'चाळीस वर्सं ही पान कापती, मी वळती.
हिच्या कात्रीबिगर माझी विडी न्हाई.
मी न वळलं तर हिचं पान नुस्ता पाला.
आन् ही कुणीतरी?'
बरं, पोषव्वालाच प्रमुख करू?
पुन्हा यादी उघडली. भावजयही नव्हती.
म्हणजे दोघींतली एक इतर राहणारच होती,
कोण, तेवढंच माझ्या हातात.
बाहेर रांग वाढत होती. मी बटण दाबलं.

पावती निघाली. तिला वाचता येत नाही.
'माझ्यापुढं काय लिवलंय?'
स्वतः.
'ते कुणाचं नातं?'
मी उगाच मागे वळून पुठ्ठ्यांकडे पाहिलं.

पोषव्वानं पिशवीला गाठ मारली.
'चल, स्वतः. बस जाईल.'
'आले गं, इतर.'
दोघी हसत पायऱ्या उतरल्या,
दुखऱ्या गुडघ्याचीनं दुसरीचा खांदा धरलेला,
गुडघा कुणाचा, ते मला पाठीमागून कळलं नाही.

पुढच्याला नाव विचारलं.
'सिद्धाराम हत्तुरेंचा धाकटा,' तो म्हणाला
आणि थांबला, जणू सांगून झालं.