बावीस दारं

बेतोंगहून वर, लेयार नदीवर,
मोटरच्या होडीनं तीन तास,
मग चिखल, मग खाचा पाडलेला एक ओंडका.
तीच शिडी.
वर पोचलो तेव्हा चपला हातात होत्या
आणि जनगणनेचे फॉर्म छातीशी, प्लास्टिकच्या पिशवीत कोरडे.

"किती घरं आहेत इथं?"
उन्चात हसला. मुखिया तो,
म्हणून वस्तीचं नाव सध्या उन्चातचं घर.
मामाच्या काळात मामाचं होतं,
उद्या आणखी कुणाचं.
"घर एक," तो म्हणाला, "दारं बावीस."

फॉर्ममध्ये दारांचा रकाना नव्हता.

छप्पर एकच, नदीच्या वळणाबरोबर किंचित वाकलेलं.
मागची बाजू भिंतींनी वाटलेली:
ज्याची त्याची चूल,
ज्याचं त्याचं भात माळ्यावर, सालीच्या कणगीत.
पुढची बाजू मात्र सलग. रुआई म्हणतात तिला.
ओसरी म्हणावं तर शंभर पावलं चालूनही संपेना,
रस्ता म्हणावं तर त्यावर माणसं निजलेली.
कुणी जाळं दुरुस्त करतंय, दोघी मिरी निवडतायत,
एक बाळ रांगत माझ्या पिशवीपाशी आलं.
कुणाचं म्हणून विचारलं
तर सहाव्या दारापासून अकराव्यापर्यंत सगळे बघायला लागले.

आपल्या दारापुढची जमीन आपण घालायची, असा रिवाज.
म्हणून चालताना तळपायांना कळत जातं:
इथं बांबूच्या कामट्या, करकरणाऱ्या,
इथं बेलियानच्या फळ्या, आजोबांनी तासलेल्या,
इथं फुलाफुलांचं लिनोलियम,
तेलाच्या फलाटावरच्या मुलानं मिरीहून पाठवलेलं.
कोण किती पाण्यात, ते पाय सांगतात.
डोळ्यांना मात्र कुठंच कुंपण दिसत नाही.

भिंतीला कान असतात, ऐकून होतो.
इथल्या भिंतीला तोंड आहे.
दोन चुलींच्या मधल्या फळीत हातभर भोक,
त्यातून मीठ जातं, निखारा जातो,
कालवणाची वाटी जाते आणि रिकामी परत येत नाही.
आठव्या आणि नवव्या दाराच्या मधल्या भोकात
चिंधीचा बोळा कोंबलेला होता.

मी बोट दाखवलं.
इंदाइ सावाइ भात उपसतच राहिली.
"धाकट्या बहिणीनं कोंबलाय. कोंबड्यावरून.
दोन वर्षं झाली."
मग पातेल्यावर झाकण ठेवत:
"बोळा तिच्या बाजूनं आहे. काढायचा तर तीच काढेल.
पण मागं तिच्या पोराला ताप चढला,
तेव्हा रात्री बोळा आपोआप पडला होता.
सकाळी परत जागेवर."
मी ते कुठंच लिहिलं नाही.

चौदाव्या दाराला कुलूप.
नगालाइचं कुटुंब बिंतुलूला, पाच वर्षं.
"रिकामं," मी लिहिलं, आणि मग खाली पाहिलं.
दारापुढची फळी स्वच्छ.
कोपऱ्यात जाळं नाही, कोंबडीची शीट नाही,
कुणीतरी चटईसुद्धा गुंडाळून उभी केलेली.

"कोण झाडतं इथलं?"
उन्चातला प्रश्न कळायला वेळ लागला.
इबान माझीही भाषा, पण मी कुचिंगच्या आठव्या मजल्यावर वाढलो,
प्रश्न तिथून आलेला.

"तेराव्याची लेयांग सकाळी झाडायला घेते," तो म्हणाला,
"पंधराव्याची म्हातारी पलीकडून.
आता मधे झाडू थांबवायचा कुठं?
रेघ तर नाहीये."

संध्याकाळी होडीत बसून फॉर्म मोजले.
बावीस. सगळ्यांवर घराचा प्रकार: इतर.
चौदाव्याच्या 'रिकामं' वर
ओल्या अंगठ्यानं थोडी शाई फिसकटली होती.
मी ती तशीच ठेवली.