दहा अक्षरं, मग चार

चिपळूणहून हर्णैला आले होते सुरमईसाठी.
निवृत्त माणसाला एवढं कारण पुरतं.
चार वाजता बैलगाड्या पाण्यात शिरल्या,
बैलांच्या पोटापर्यंत समुद्र,
आणि होड्यांवरून पाट्या उतरू लागल्या.

लक्षी चोगलेनं मासा निवडून दिला.
मी म्हटलं, काय चमकतेय!
तिनं कल्ला उचलला, आत बोट घातलं.
"चमक कालची पन असते, बाय. हितं बग."
तेहतीस वर्षं मी पेपर सातवा शिकवला, सौंदर्यशास्त्र.
वाटलं, वहीत उतरवून घ्यावं.
मग वाटलं, नको, हीच ती खोड.

"बरफ केळसकराकडं गावंल," ती म्हणाली.

नाव ऐकून पाय जड झाले, असं लिहिणार होते.
खोटं आहे. नाव मला आठवलंच नाही.
त्याला माझं आठवलं.

मुरारी केळसकर. निळ्या पुठ्ठ्याचं, चौसष्ट पानांचं पुस्तक,
परीक्षणासाठी आलेलं, त्रैमासिकात दीड पान रिकामं असताना.
बर्फ फोडायचा टोचा त्यानं भिंतीला टेकवून ठेवला
आणि म्हणाला,
"या कवितेत समुद्र आहे, मीठ नाही."
स्वल्पविरामासकट म्हणाला.

तेव्हाच सांगायला हवं होतं
की ते वाक्य मला एसटीत सुचलं, खेडच्या अलीकडे,
पुस्तक अर्धंच वाचून झालेलं.
दहा अक्षरं, थांबा, मग चार.
इतकं नेमकं बसलं
की उरलेली पानं मी त्या वाक्याच्या बाजूनं वाचली.
एकोणचाळिसाव्या पानावर
बापाच्या जाळं विणण्यावर एक कविता होती.
सुई, गाठ, सुई, गाठ. बाकी काही नाही.
मला ती आवडली होती.
वाक्यात मावेना, म्हणून वगळली.

"राग नाही आला, बाई," तो म्हणाला.
"वाक्य सुंदर होतं.
इतकं, की मला ते खरंच वाटलं."

दरवर्षी जूनमध्ये मी फळ्यावर दोन वर्तुळं काढायचे,
एकात सुंदर, एकात खरं,
जिथं ती एकमेकांत शिरतात तो भाग खडूनं भरायचे
आणि म्हणायचे, समीक्षक इथे राहतो.
टाळ्या नाही, पण मुलं लिहून घ्यायची.
इथे दुसरं कोण राहतं, हे कुणी विचारलं नाही.

मग त्यानं कारखाना दाखवला,
पाहुण्याला नवं घर दाखवतात तसा.
लाकडी झाकणं, खाली हौद,
हौदात मिठाचं पाणी, शून्याच्या खाली नऊ, तरी गोठत नाही.
त्यात पत्र्याचे डबे. डब्यांत विहिरीचं गोडं पाणी.
"मीठ बाहेरच ठेवायचं," तो म्हणाला.
"आत गेलं तर लादी धरत नाही.
आणि बाहेर नसलं तर रात्रभर नुसतं पाणी."
मी सवयीनं अर्थ शोधला.
तो डबा वर ओढत होता,
मोटारीच्या आवाजावरून ओरडत होता, इतकंच.
किंवा इतकंच नसेल.

विचारायचं होतं, अजून लिहिता का?
विचारलं, "पाव लादी कितीला?"
त्यानं पैसे घेतले, पुरते.
सुटे मोजून परत दिले.

दापोली सोडली तशी पिशवी ठिबकू लागली.
"मावशी, पाणी," कंडक्टर म्हणाला.
मी पाय वर घेतले.

रात्री निळं पुस्तक शोधलं, स्टूलवर चढून, दोन्ही कपाटांत.
माझं परीक्षण सापडलं, कात्रण करून, फाइलला लावलेलं.
पुस्तक रद्दीत गेलं असणार.
सुरमई तशीच ओट्यावर.
एकोणचाळिसावं पान तेवढं आठवत बसले:
सुई, मग गाठ.
की आधी गाठ?