चप्पूला कान

चप्पूचं एक टोक पाण्यात सोडायचं,
दुसरं जबड्याच्या हाडाला टेकवायचं,
अन् श्वास धरायचा.
मासा कुठं हे कळावं म्हणून बापानं शिकवलं.
मासा मुका. त्याचं काही ऐकू येत नाही.
ऐकू येतं ते जुनं बोरवंड.

आम्ही बोरवंडचे नव्हं.
पाणी आलं म्हणून ते गेले,
पाणी आलं म्हणून आम्ही आलो, जाळी घेऊन.
त्यांचं गाव मी कधी पाहिलं नाही,
तरी डोळे झाकून सांगतो :
जॅकवेलच्या खांबापासून पैठणच्या अंगाला चाळीस हात,
तिथं हैदर मिस्त्रीची चक्की.
टुक् टुक् टुक्,
बाजरीला जड, गव्हाला हलकी.
तिच्या पल्याड शाळा.
तेराचा पाढा साताशी अडतो,
मग छडी.
उद्याही साताशीच.
अन् खोल भागात एक जण नुसता शिंकतो.
पन्नास वर्षं झाली, त्याची सर्दी काही जाईना.

मोठं काही राहत नाही.
बोरवंडला मंत्री येऊन गेला होता म्हणतात,
मला त्याचा एक शब्द घावला नाही.
लग्नाची वाजंत्री नाही, मारामाऱ्या नाहीत.
कडी लावल्याची,
वैरण तोडल्याची,
कुणी दारात येऊन चपला झटकल्याची.
जे रोज झालं तेवढंच भुईत मुरलं,
असा आपला माझा हिशोब.
चुकीचाही असंल.

यंदा वैशाखात पाणी लय मागं सरलं.
नव्या बोरवंडाहून टेम्पो भरून माणसं आली,
भेगाळल्या गाळावर पालथी पडली,
कान लावून.
काही नाही.
ऊन लागलं की आवाज उडतो,
हे त्यांना कोण सांगणार.
एकानं तर मोबाईल लावला भुईला.

केशरबाई मात्र सरळ माझ्याकडं आली,
चपला हातात.
"आमचं घर अजून पाण्यात हाये," म्हणली,
"सुताराच्या मागं.
मला अकराव्या वर्षी गंगापूरकडं दिली.
परत आले तवा गाव उठलं होतं,
माय बी नव्हती.
मी गेल्यावर कशी राह्यली ती, एवढं ऐकून सांग.
नाव घेती का माझं?"

ती जागा मला पाठ होती.
वांब मिळते तिथं.
नाव तिथं कुणी घेत नाही.
राखेनं तांब्या घासतंय कुणीतरी,
खर्र खर्र, थांबणं नाही,
एवढ्यात तांब्याला भोक पडावं.

खोटं बोलावं वाटलं.
"केशर, अगं केशर", एवढं म्हणायला काय जातं?
दोनदा चप्पू कानाला लावला, दोनदा काढला.
जीभ उचलली नाही.
तांब्या सांगितला.

होडीत मांडी घालून बसली होती.
"एकच तांब्या?"
"एकच."
"घासूनच राह्यली?"
"हां."

"मंग बरं," म्हणली.
"माय रडत नसायची. भांडं घ्यायची."
दुपार कलली तरी
मनगटापर्यंत हात पाण्यात घालून बसून होती.
उतरताना भाडं विचारलं, मी नको म्हटलं,
तर दोन टरबुजं ठेवून गेली,
एक कच्चं निघालं.

रात्री पत्र्याखाली जाळं शिवत बसलो.
शिवताना माझ्या नाकातून एक आवाज येतो म्हणे,
बायको तीस वर्षं सांगते, मला कधी ऐकू आला नाही.
आज आला.
भाता फाटल्यागत, अगदी हलकट आवाज.
"हेच राहायचं बघा मागं," बायको म्हणली,
अन् मरळीला मीठ चोळू लागली.