रातची गोळी

हुपरीत आमच्या घरी चांदीचा भुगा चपातीतही निघायचा.
आप्पा पैंजणांना फासे बसवायचे,
हूक कडीत गेला की कानाला कळायचं त्यांच्या.
मी ते सोडलं. राजारामपुरीत
औषधांच्या दुकानात उभा राहिलो,
बावीस वर्षं झाली.

आईची पहिली केमो. बाटली लावायच्या आधी
नर्सनं एक लहान इंजेक्शन सोडलं नळीत.
"हे कसलं?" आप्पा.
ओंडानसेट्रॉन.
"नाव नगं. काम सांग."

मग सांगितलं. सेरोटोनिन म्हणून एक असतं,
पेपरात त्याला आनंदाचं रसायन म्हणतात, शेजारी मेंदूचं चित्र.
पण बहुतेक माल असतो आतड्यात,
दुकानात चार नग, बाकी सगळं गोदामात, तसं.
केमो आत शिरली की गोदामाची दारं उघडी पडतात,
हूकच हूक सुटतात,
नसेच्या कडीत जाऊन अडकतात,
आणि वर निरोप जातो: ओक.
हे औषध आधीच कडीत जाऊन बसतं.
हूक येतो, चाचपतो, माघारी जातो.

आप्पांनी बराच वेळ बाटलीकडं बघितलं.
"म्हंजे खोटा फासा."
व्हय.
"किती टिकतोय?"
सात-आठ तास.
त्यांनी तोंड वाकडं केलं.
आठ तासांचं काम त्यांनी कधी कुणाला दिलं नव्हतं.

आणि आठ तास संपायचे नेमके रात्री.
पद्मल आदगोंडा, माझी आई,
लग्नापासून सूर्य बुडाल्यावर पाण्याचा थेंब घेत नाही.
घमेलं पुढ्यात, केस गळून उशीवर,
आणि गोळी म्हटली की मान हलवायची: उद्या.
डॉक्टर ओरडले. बहीण रडली.
आप्पा म्हणाले, महाराजांस्नी विचारू.
महाराज विहारात होते, कुंभोजच्या पुढं कुठंतरी.

मी दुकानातून दुसरी आणली.
पाठीमागचा कागद सोलून काढायची ती,
जिभेवर ठेवली की आपोआप विरघळणारी.
पाणी लागत नाही, आई.
तिनं तळहातावर घेऊन वजन केलं,
रव्याचं करतात तसं.
"चावायची न्हाई?" नाही. "गिळायची न्हाई?" नाही.
"मग म्या काय खाल्लं न्हाई. तिची ती गेली."
डोळे मिटले. थोड्या वेळानं, घाबरून:
"आगं बाई, ग्वाड हाय की ही!"
स्ट्रॉबेरी, मी म्हणालो.
दुसऱ्या दिवशी तिनं गूळ सोडला. हिशेब मिटवला.

पहाटेपर्यंत घमेलं कोरडं राहिलं.
चौथ्या दिवशी मात्र कुरकुर:
"वरचं दार लावलंस ते लावलंस,
खालचंबी कशाला कुलूप घातलंस?"
होतं असं, मी म्हणालो, आणि इसबगोल दिला.

तेव्हापासून काउंटरवर हात अडखळतो.
याच खटल्यातल्या गोळ्या मी रोज देतो:
एक किडकिड्या पोराला भूक लागावी म्हणून,
एक चंदगडच्या त्या मास्तरांना, भिंतीतले आवाज
जरा लांब जावेत म्हणून.
सगळ्यांचं काम एकच, जागा धरून बसणं.
माणूस बरा होतो असं मी कुणाला सांगत नाही.
जागा धरली जाते, एवढंच.

पाचव्या खेपेला गडमुडशिंगीतच तिला उमळून आलं.
इंजेक्शन अजून कोल्हापुरात,
केमोही कोल्हापुरात,
आणि एसटीतल्या खिडकीशी ती पिशवी शोधतेय.
ते आतड्यातून नव्हतं आलेलं.
त्या रस्त्याच्या कडीत बसेल असं
माझ्या एकाही खणात काही नाही.

सहाव्या खेपेला आप्पांनी पिशवीतून माळ काढली,
फासे न बसवलेले पैंजण, दहा जोड,
आणि पक्कड. "गिऱ्हाइकाला सांजच्याला द्यायचेत," म्हणाले.
खोटं होतं. सहा महिने धंदा बंद होता.
आईनं काही विचारलं नाही. पदर खोचला,
मांडीवर रुमाल पसरला,
हूक, कडी, हूक, कडी.
गडमुडशिंगी गेलं. तिनं वर बघितलं नाही.

उचगावला सात जोड झाले होते.
आठव्याला तिनं पक्कड खाली ठेवली
आणि हात पुढं केला. पिशवीसाठी.
आप्पांनी ती आधीच उघडून धरलेली.