दुसरं तळण

दिलावर म्हणाला, नुसते पंख? दोन किलो?
पंख तर आम्ही असेच टाकतो पिशवीत, वजनाला.
नातीची फर्माईश आहे, म्हणालो.
पुढचं त्याच्या ओठांवरून वाचलं : कातडीसकट की सोलून?
कातडीसकट, म्हणालो,
अख्खी ओगलेवाडी वळून बघेल इतक्या मोठ्यानं.

कारखान्यात टर्बाईनपाशी सत्तावीस गळीत हंगाम उभा होतो.
कानात बोळे घाला म्हणायचे साहेब.
घालायचो, तपासणीच्या दिवशी.
आता उजव्या कानात हंगाम बारमाही चालू असतो.
डाव्याला समोर बसून सांगावं लागतं.

तर पंख.
सांध्यावर सुरी ठेवायची, जोर नाही लावायचा,
वाट सापडली की हाड आपणहून सुटतं.
टोकं मांजरीला.
उरलेल्याला आलं-लसूण, मिरपूड, सोया सॉस, टोपणभर व्हिनेगर,
तासाभरानं एक अंडं, कॉर्नफ्लोअर, त्याच्या निम्मा मैदा.
लाल रंग अजिबात नाही.
हे सगळं डंबरनं सांगितलेलं.
कोल्हापूर नाक्यावर चायनीजच्या गाडीवर होता,
नेपाळचा, सुर्खेतकडचा.
पाच वर्षांत मराठी शिकला ती शिव्यांसकट.
गावी जायच्या आदल्या रात्री मी पार्सलची वाट बघत उभा,
तर जवळ येऊन म्हणाला, काका, दोनदा तळायचं.
पहिल्यांदा कमी आचेवर, पांढुरकंच काढून गार होऊ द्यायचं.
दुसऱ्यांदा तेल कडक.
तेव्हा बघायचं नाही, ऐकायचं.
पाणी आहे तोवर तेल भांडतं.
भांडण मिटलं की काढायचं.

ऐकायचं.
आणि सांगितलं कुणाला, तर मला.

शैलाच्या गॅसवर कोंबडी चढत नाही.
तिच्या माहेरी अंडंसुद्धा उंबऱ्याबाहेर.
लग्नाला चौतीस वर्षं झाली, तिनं चव बघितलेली नाही,
मी विचारायचं सोडून दिलंय.
म्हणून मागच्या दारी, हौदापाशी, जुनी शेगडी,
वेगळी कढई, वेगळा झारा.
रेल्वे गेली की झाकण थरथरतं,
महाराष्ट्र एक्सप्रेस मला अशी कळते.

पहिला घाणा सोनेरी दिसला म्हणून काढला. आत लगदा.
दुसऱ्याला थांबलो, तर कोळसा.
ईश्वरी काही बोलली नाही. नऊ वर्षांची आहे,
पण नाक कधी मुरडायचं नाही हे तिला कळतं.

तेव्हा स्वयंपाकघराच्या पायरीवर
शैला येऊन बसली, आमच्याकडं पाठ करून,
नाकाला पदर.
तशीच हात वर केला : टाका.
तेल उसळलं ते मला दिसलं,
तिला ऐकू आलं.
करंज्या, शेव, कडबोळी,
चौतीस दिवाळ्या तिनं कानानं तळल्या,
मी नुसत्या खाल्ल्या.
हात वरच, बोटं ताठ.
बुडबुडे बारीक व्हायला लागले असणार.
मी कढईकडं बघतच नव्हतो,
तिच्या हाताकडं बघत होतो,
प्रेशरच्या काट्याकडं बघायचो तसं.

हात खाली आला.
काढले.

मग मोठ्या आचेवर लसूण, उभी चिरलेली मिरची,
पातीचा कांदा, वरून पंख, दोन हेलकावे, बस.

ईश्वरीनं पहिला तोडला.
भुवया वर गेल्या तिच्या,
आणि तिकडं पायरीवर शैलाची मान जराशी हलली,
शेव जमली की हलते तशी.

मी एक घेतला, डाव्या दाढेखाली धरला.
हाडातून आवाज जातो म्हणे, कानाला वळसा घालून.
चावला.
लांबून कुणीतरी वाळक्या पाचटावर पाय द्यावा
तसा काहीतरी, एकदाच.

शैला, म्हणालो, अजून एक घाणा आहे.
ती वळली. मला नीट दिसेल अशा बेतानं पदर खाली घेतला
आणि म्हणाली,
ओरडू नका.